चिठ्ठीखालचे पट्टे

संपादकांनी फोनवर विषय दिला तो असा: "तुमच्या रानमांजरांवर लिहा. पण जरा गोड लिहा हं, दिवाळी आहे. वाचकांना मांजरं आवडतात."

मी त्यांना सांगितलं, माझी मांजरं कुणाच्या मांडीवर बसत नाहीत. त्यातली बरीचशी मेलेली आहेत. पोटात कापूस भरून, पाय सरळ करून, ड्रॉवरमध्ये पालथी झोपवलेली. मग "ठीक आहे, पण जरा..." एवढं म्हणून त्यांनी वाक्य अर्धं सोडलं. ते मी पूर्ण करणार नाही. गोडासाठी अंकात पाककृतींची पानं असतीलच.

मी दिल्लीतल्या एका सरकारी कार्यालयात लहान जंगली मांजरांचा संदर्भकोश सांभाळते. वाघ आणि बिबट्या आमच्याकडे नाहीत. त्यांना वेगळा विभाग, वेगळी इमारत, परदेशी पाहुणे आणि नव्या गाड्या. आम्हाला जिन्याखालची लांबट खोली, कातड्यांची लोखंडी कपाटं आणि एक स्कॅनर, जो थंडीत चालत नाही. मी कंत्राटी आहे. अकरा महिने संपले की एक दिवस मी या कार्यालयाची कुणीच नसते. दुसऱ्या दिवशी पुन्हा तज्ज्ञ होते.

लोकांना वाटतं मी मांजरं मोजते. तसं नाही. एखादं कातडं, कवटी, फोटो किंवा कुणीतरी लिहून ठेवलेली नोंद आली की तिला कोशात जागा द्यायची, हे माझं काम. आधी जात ठरवायची. रानमांजर म्हणजे लांब पायांचं, आखूड शेपटीचं, मातकट पिवळं. शेपटीच्या टोकाकडे काळी कडी, पायांवर आडवे पट्टे, कानांच्या टोकाला काळे केस. अंगभर ठिपके आणि लांब निमुळती शेपूट असेल तर ते वाळवंटातलं मांजर. ठिपके गंजाच्या रंगाचे आणि जीव दोन्ही हातांत मावेल एवढा असेल तर वाघाटी. (दिल्लीत वाढलेल्या मराठी मुलांना वाघाटी हा शब्द सांगितला की ती हसतात. त्यांना 'रस्टी स्पॉटेड कॅट' म्हटलं की चालतं.) मग उपजात. एकाच जातीचे प्राणी वेगवेगळ्या मुलखात पिढ्यान्‌पिढ्या राहून जरा वेगळे झाले, तर त्या मुलखातल्या गटाला एक तिसरं लॅटिन नाव मिळतं. त्यानंतर ठिकाण, कुणी पाहिलं, कुठे छापलं, आणि आधी कोणकोणत्या चुकीच्या नावांनी छापलं.

हे काम मी चांगलं करते. खोटा विनय मला जमत नाही. धुरकट फोटोत नुसती शेपूट दिसत असली तरी मी सांगते कोणाची आहे. दिल्लीच्या आसपासच्या उंच इमारतींमधून 'सोसायटीत बिबट्या शिरला' म्हणून जे व्हिडिओ येतात, त्यातला बिबट्या बहुतेक वेळा मांजर असतो, कधी कधी कुत्रा, आणि एकदा तर तो वाऱ्याने हलणारा कुंड्यांमागचा पडदा होता. त्या सोसायटीने तोवर दोन दिवस शाळेच्या बस आत बोलावल्या होत्या. मी पडदा आहे असं कळवलं, तर सेक्रेटरी म्हणाले, "आप श्योर हैं? टीव्ही वाले तो कुछ और कह रहे हैं."

जातीशी माणसांना देणंघेणं नसतं. हाव असते ती तिसऱ्या नावाची. आपल्या राज्याचं, आपल्या जिल्ह्याचं, आपल्या टेकडीचं, दुसऱ्या कुणाकडे नसलेलं काहीतरी हवं. गुडगावचे एक गृहस्थ पिंजरा घेऊन थेट जिन्याखाली आले होते. आत परदेशी पैदाशीचं, ठिपक्यांचं, खूप महागडं पाळीव मांजर.

"मॅडम, सर्टिफिकेट चाहिए. इसमें लेपर्ड का ख़ून है."

"लेपर्ड कैट का," मी म्हटलं. "वो छोटी बिल्ली होती है. लेपर्ड से उसका कोई लेना-देना नहीं."

"पर नाम में लेपर्ड तो है ना?"

मी त्यांच्या कार्डाकडे पाहिलं. "नाम में तो आपके भी सिंह है."

ते हसले नाहीत. मग मी शांतपणे सांगितलं, की या मांजरात खरोखरच जंगली रक्त असेल तर वन विभागाला कळवावं लागेल, कारण जंगली प्राणी घरात ठेवणं हा गुन्हा आहे. गृहस्थांनी पिंजरा उचलला. "नहीं नहीं जी. बिल्कुल घरेलू है. दूध-ब्रेड खाती है." रक्त गेलं, बिबट्या गेला, जिन्यावरून फक्त दूध-ब्रेड वर चढत गेलं.

अशा लोकांना हसणं सोपं असतं. पण तिसऱ्या नावाची तीच हाव माझ्या कार्यालयात, आणि माझ्या घरात निघाली, तेव्हाची हकिकत मला सांगायची आहे.

आमच्या घरात पुस्तकांच्या आधी पत्रकं आली. बाबा वर्ध्याहून फरीदाबादला फिटर म्हणून आले आणि कामगार संघटनेची पत्रकं लिहू लागले. पलंगाखाली गठ्ठे, शिवणाच्या मशीनवर गठ्ठे. मी वाचलेला पहिला शब्द 'साथियो' हा आहे. माझं नाव क्रांती आहे, म्हणजे काय ते समजा. कारखाना बंद पडला, संघटना पांगली, पण बाबांचा हात काही थांबला नाही. फरीदाबादच्या कडेला अरवलीची जी झुडुपी टेकाडं आहेत, ज्यांना तिथले लोक नुसतं 'पहाड' म्हणतात, त्यातल्या एका पट्ट्यातून एक कंपनी रस्ता काढणार होती. रस्त्याच्या पलीकडच्या टोकाला फार्महाऊसं. मधे बाजूच्या गावातल्या बायकांची बकऱ्यांची चराई, एक ओढा आणि कीकरचं, म्हणजे बाभळीचं, रान. बाबा आणि त्यांच्यासारखे निवृत्त कामगार त्या गावकऱ्यांबरोबर उभे राहिले. समिती झाली. आणि समितीला हुकमी मुद्दा सापडला तो माझ्या कोशात.

आमच्या विभागप्रमुख देवधर मॅडम. मूळच्या पुण्याच्या, लक्ष्मीबाई नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये राहणाऱ्या, रोज डब्यात माझ्यासाठी वेगळी पोळी आणणाऱ्या. त्यांनी तरुणपणी एक शोध लावला होता. त्या पहाडातल्या रानमांजरांची कातडी इतर ठिकाणच्या कातड्यांपेक्षा स्पष्टपणे फिकट होती, पायांवरचे पट्टे जवळजवळ नव्हते, शेपटीची कडी पुसट. म्हणून ती वेगळी उपजात. तिला त्यांनी तिसरं नाव दिलं. ते इथे देत नाही. मधल्या काळात जगभरच्या मांजरांची फेरतपासणी झाली, कितीतरी उपजाती रद्द झाल्या, पण ही एका छोट्या नियतकालिकात छापलेली असल्याने कुणाच्या नजरेला आली नाही. आमच्या कोशात ती दिमाखात राहिली, त्या पहाडापुरत्या रंगवलेल्या नकाशासह.

बाबांनी पत्रक लिहिलं: 'दुनिया में सिर्फ़ यहीं.' चार पानी, हिंदीत, उत्तम. जनसुनावणी दोन आठवड्यांवर आली होती. असं काही बांधण्याआधी सरकार लोकांना बोलावून त्यांचं म्हणणं ऐकून घेतं, किंवा ऐकून घेतल्याचं लिहून घेतं, त्याला जनसुनावणी म्हणतात. सगळा पहाड त्या एका फिकट मांजराच्या पाठीवर उभा होता.

त्याच सुमारास वरून हुकूम आला, की सगळ्या कातड्यांचे नवे फोटो काढा, आणि प्रत्येक कातड्याच्या चिठ्ठीच्या दोन्ही बाजूंचे काढा. कातड्याच्या मागच्या पायाला एक चिठ्ठी बांधलेली असते. ठिकाण, तारीख, कुणी आणलं. लिहिलेली बाजू वर असते, त्यामुळे वाचायला ती कुणी उचलत नाही. पायावर चपटी होऊन ती वर्षानुवर्षं पडून राहते. मी पहाडातलं पहिलं कातडं घेतलं, चिमट्याने चिठ्ठी उलटवली, आणि थांबले.

खाली चिठ्ठीच्याच आकाराचा एक चौकोन होता. त्या चौकोनातले केस मातकट पिवळे होते, आणि त्यांत दोन गडद, ठसठशीत पट्टे. चौकोनाच्या कडेला ते पट्टे कापल्यासारखे संपत होते. बाहेर सगळं फिकट.

"मॅडम, जरा येता?"

त्या चष्मा पुसत आल्या. बराच वेळ पाहत राहिल्या. मग माझ्या हातातला चिमटा घेऊन त्यांनी स्वतः दुसऱ्या कातड्याची चिठ्ठी उचलली. मग तिसऱ्याची. प्रत्येकीखाली तोच चौकोन.

"ही शोकेसमध्ये होती," त्या म्हणाल्या. "व्हरांड्यात, पश्चिमेच्या खिडकीसमोर. शाळेची मुलं यायची ना, म्हणून दिल्लीजवळची मांजरं बाहेर काचेत मांडली होती. बाहेरगावची सगळी बंद कपाटात."

म्हणजे फरक अरवलीचा नव्हता, खिडकीचा होता. दुपारच्या उन्हाने एक उपजात तयार केली होती.

यापुढचं सांगायला मला जास्त लाज वाटते, आणि ही लाज एकट्या मॅडमची नाही, अख्ख्या धंद्याची आहे. त्या पहाडातून इतक्या वर्षांत जिवंत मांजरांचे फोटोही आले होते. आपोआप चालणाऱ्या कॅमेऱ्यांनी काढलेले, स्वच्छ. मी ते सगळे काढून टेबलावर पसरले. एकही मांजर फिकट नव्हतं. पायांवर पट्टे, शेपटीला कडी, सगळं जिथल्या तिथे. तरी प्रत्येक फोटोखाली त्या फिकट उपजातीचं नाव होतं. का? कारण उपजात ठरवण्याची आमची पद्धतच तशी आहे. फोटो कुठला ते बघायचं, नकाशात तिथे कोणता रंग आहे ते बघायचं, आणि ते नाव लिहायचं. मांजराकडे कुणी पाहतच नाही. मग अशा फोटोंची संख्या वाढली की नकाशाला बळकटी येते. एवढ्या शिकलेल्या माणसांनी मिळून नकाशावरून मांजर ओळखलं आणि मांजरावरून नकाशा खरा ठरवला. कुठल्याही अडाण्याला ही चूक जमली नसती. तिला किमान पीएचडी लागते.

"अगं, तेव्हा बायकांना फील्डवर पाठवत नव्हते," मॅडम म्हणाल्या. "म्हणायचे, इथेच कपाटात काय मिळतंय ते शोधा. मग मी कपाटात शोधलं."

मी टेबलावरचे फोटो गोळा करायला लागले.

"मार्चमध्ये मी रिटायर होतेय. एप्रिलमध्ये दुरुस्त कर ना. यार क्रांती, एवढं तर करू शकतेस."

"आणि सुनावणीत कुणी हे नाव घेतलं तर? आपला कोश पुढे करतील, मॅडम."

"तुझे बाबाच घेणार आहेत ना?"

"हो. म्हणूनच."

त्या दिवशी डब्यातली माझी पोळी तशीच राहिली.

घरी बाबा पत्रकांच्या घड्या घालत बसले होते. मी चप्पल काढता काढताच सांगितलं, नाहीतर सांगता आलं नसतं.

"बाबा, ती उपजात नाही."

"कोणती?"

"पत्रकातली. ते साधं रानमांजर आहे. कातडी उन्हाने विटली होती."

"साधं म्हणजे?"

"म्हणजे वर्ध्याला आहे, पानिपतला आहे, तेच."

त्यांचा हात थांबला. "आणि हे तुला आज कळलं. सुनावणीच्या तोंडावर."

"आज चिठ्ठी उचलली."

"मग परत खाली ठेव."

आई स्वयंपाकघरातून म्हणाली, "मांजरावरून भांडताय का दोघं?"

"त्यांचे वकील झाडांच्या जागी ओसाड जमीन दाखवतात," बाबा म्हणाले. "ओढा आहे तिथे 'नाली' लिहितात. आणि आपण एका मांजराच्या रंगासाठी मरायचं?"

"तुम्ही आयुष्यात कधी पत्रकात खोटं लिहिलं नाहीत."

"नाही लिहिलं. कारखान्यात खरं पुरेसं होतं म्हणून नाही लिहिलं. हात तुटला तर तुटला, पगार अडला तर अडला, ते लिहिलं की माणसं उभी राहायची. इथे खरं पुरत नाही. साध्या मांजरासाठी कोण रस्ता अडवतो? सांग ना. तू तज्ज्ञ आहेस."

माझ्याकडे होतं ते एवढंच, की खोटं आहे हे मला माहीत आहे, आणि माहीत असून मी ते ठेवणार नाही. हे ऐकायला तत्त्वनिष्ठ वाटतं. घरात ते अगदी उद्धट वाटत होतं.

दुसऱ्या दिवशी मॅडमनी मला बोलावलं. "लिही दुरुस्ती. पण मी सांगते तशी." आणि त्यांनी उभ्या उभ्या सांगितली. उपजात रद्द. आधार: कातडी प्रकाशाने विटलेली, चिठ्ठ्यांखालचा भाग मूळ रंगाचा. मूळ चूक कुणाची, तिथे त्यांनी स्वतःचं पूर्ण नाव घालायला लावलं. एक शब्द जास्त नाही, एक सबब नाही. मग म्हणाल्या, "आता जा, मला काम आहे." काम काहीच नव्हतं, हे आम्हा दोघींना माहीत होतं. एवढी ताठ दुरुस्ती मी पुन्हा पाहिलेली नाही.

बाबांनी पत्रकांचे गठ्ठे सुतळीने बांधले आणि पलंगाखाली ढकलले. माझ्याशी ते बोलत नव्हते.

बोलायला आला तो भलताच माणूस. कंपनीच्या पर्यावरण सल्लागार फर्मचा अरोरा. पर्यावरण सल्लागार म्हणजे कंपनीकडून पैसे घेऊन कंपनीमुळे पर्यावरणाचं काही बिघडणार नाही असा अहवाल लिहिणारा. अरोरा तरुण, नम्र, पांढरा शर्ट, हातात काजू कतलीचा डबा.

"मैम, आपने तो हमारा काम आसान कर दिया. साइंस की जीत है यह."

"यह आपके लिए नहीं किया."

"वही तो! इंटिग्रिटी! आजकल कहाँ मिलती है?"

सकाळी त्याच्या फर्मने कोशाची प्रत मागवली होती. नियमाप्रमाणे आम्हाला ती द्यावीच लागली. शत्रूने पाठ थोपटण्याइतकं अपमानास्पद काही नसतं, हे बाबांच्या पत्रकांत मी वाचलं होतं. ते अंगावर कसं येतं, ते त्या दिवशी कळलं. मी डबा परत न्यायला सांगायला वळले, तर तोवर शेजारच्या टेबलांवरून हात येऊन गेले होते. डबा अर्धा रिकामा. अर्धा डबा परत देण्याची पद्धत कोणत्याच क्रांतीत नाही.

सुनावणी गावातल्या सरकारी शाळेच्या मैदानात झाली. मांडव, कूलर, पुढच्या रांगेला पांढरी खोळ घातलेल्या खुर्च्या, मागे सतरंजी. मी रजा टाकून गेले होते, फरीदाबादची रहिवासी म्हणून. बाबा मागे सतरंजीवर. त्यांना सभेत रिकाम्या हाताने बसलेलं मी पहिल्यांदा पाहिलं. हात कुठे ठेवावेत ते त्यांना कळत नव्हतं.

अरोरा उठला आणि त्याने माझीच नोंद वाचली. "सरकार के अपने संदर्भकोश के अनुसार यह कोई अलग उपप्रजाति नहीं है. यह आम जंगली बिल्ली है, जो सर्वत्र पाई जाती है." सर्वत्र हा शब्द त्याने जरा रेंगाळत म्हटला. अध्यक्षस्थानी जिल्ह्याचे एक अधिकारी होते. त्यांनी मान डोलावली आणि लिहून घेतलं.

मी त्याला खोटं म्हणू शकत नव्हते. शब्द कोशातला होता. पण कोशात 'सर्वत्र'च्या मागे ठिकाणं असतात. कुणीतरी कुठेतरी एक मांजर पाहिलेलं असतं, आणि अशी ठिकाणं पुरेशी जमली की आळशी माणूस त्यांची बेरीज करून 'सर्वत्र' लिहितो. दिल्लीच्या भोवतालची ती ठिकाणं मला पाठ आहेत. दुसरं काय केलं मी इतकी वर्षं? मी उभी राहिले.

"सर, सर्वत्र म्हणजे कुठे, ते मी सांगते," मी हिंदीत म्हटलं, आणि बोलत गेले. गुडगाव, गावाबाहेरची पाणथळ: आता मॉलचं पार्किंग. पालमच्या पलीकडचं गवत: धावपट्टी. नोएडा, यमुनेकाठची झाऊची झुडपं: सेक्टर. फरीदाबादचीच एक बंद खाण: कचरा डेपो. पानिपतला 'काला अंब' या लढाईच्या स्मारकाला आम्ही मराठी मंडळी जानेवारीत जातो, तिथे भाषणं चालू असताना बाजूच्या उसात मी स्वतः एक पाहिलं होतं. ते शेत अजून आहे, पण बांधावर प्लॉट विक्रीचा बोर्ड लागला आहे.

"मैडम, विषय पर आइए," अध्यक्ष म्हणाले.

"यही विषय है, सर. इनमें से हर जगह के काग़ज़ में लिखा है कि यह बिल्ली बाकी हर जगह मिलती है. बाकी हर जगह बची कौन सी है?"

टाळ्या वाजल्या नाहीत. अरोरा मोबाइल बघत होता. मग गावातली एक म्हातारी बाई बसल्या जागेवरून ओरडली, "बिल्ली तो हमने देखी है, हमारी मुर्गी ले जावे है. बिल्ली-बिल्ली कर रे हो सुबह से. रास्ता बन गया तो बकरी कहाँ जावेगी, यो कोई ना बता रया!"

मांडव हसला. अध्यक्षही हसले. मी हसले नाही, कारण ती माझ्यावरही बोलत होती. नंतर कार्यवृत्त निघालं, त्यात माझं म्हणणं एका ओळीत होतं: 'वन्यजीवांबाबत सूचना प्राप्त.' म्हातारीची ओळ नव्हतीच.

परत येताना ई-रिक्षात बाबा बरेच दिवसांनी माझ्याशी बोलले.

"ही ठिकाणं तुझ्याकडे कधीपासून आहेत?"

"पहिल्यापासून."

"मग आम्हाला का नाही दिलीस?"

"तुम्ही मागितली नाहीत. तुम्हाला दुनियेत एकच असलेलं मांजर हवं होतं."

"आणि तू कधी म्हणालीस, ते सोडा, हे घ्या?"

नव्हते म्हणाले. मलाही तोवर कोश म्हणजे कोशच वाटत होता.

रस्त्याला मंजुरी मिळाली. ओढा वाचला, रस्ता थोडा वळवला गेला. बकऱ्यांना चराईचा एक तुकडा उरला. दोन अटी घातल्या गेल्या: गतिरोधक, आणि वन्यजीवांची माहिती देणारा फलक. याला कुणी विजय म्हणत असेल तर त्याने तो घरी न्यावा. मार्चमध्ये मॅडम निवृत्त झाल्या. कार्यालयाने त्यांना निरोपाची भेट दिली ती मोठी फ्रेम केलेला फोटो: शोकेसमधल्या त्याच फिकट कातड्याचा. ज्यांनी निवडला त्यांनी दुरुस्ती वाचलीच नव्हती. मॅडम "वा, छान" म्हणाल्या आणि फ्रेम काखेत घेऊन गेल्या.

काही महिन्यांनी अरोराचा फोन.

"मैम, बोर्ड का टेक्स्ट ज़रा देख लीजिए. ब्रोशर में भी यही जाएगा."

त्याने पाठवलेलं उघडलं. त्याच फिकट कातड्यावरून काढलेलं चित्र, मागे सूर्यास्त, आणि खाली: 'विश्व में केवल यहीं पाई जाती है.' फार्महाऊसच्या किमतीही त्याखाली होत्या.

"यह तो ग़लत है," मी म्हटलं. "आपने ख़ुद सुनवाई में पढ़ा था. सर्वत्र."

"वो हियरिंग के लिए था, मैम," तो समजुतीच्या सुरात म्हणाला. "यह मार्केटिंग है."

मी चूक आहे असं लेखी कळवलं. उत्तर आलं नाही. फलक लागला, होता तसाच.

ती बातमी मी घरी सांगितली. रविवारी सकाळी ते माळ्यावरून भिंती रंगवायचे जुने ब्रश उतरवताना दिसले. काळा आणि पांढरा ऑइल पेंट त्यांनी आदल्या दिवशीच आणून ठेवला होता. "चल," एवढंच म्हणाले.

फलक रस्त्याच्या फाट्यावर आहे, कंबरेएवढ्या उंचीवर. बाबांनी बैठक मारली, चष्मा कपाळावर चढवला.

"पाय आधी?"

"आधी पाय. आडवे पट्टे. जाड नको, बाबा, झेब्रा नाही तो."

"आता?"

"कानाच्या टोकाला थोडं. मग शेपटी. टोक पूर्ण काळं, त्याच्या आधी कडी."

घोषणा रंगवलेला हात आहे; रेघ थरथरली नाही. फिकट मांजर हळूहळू मांजर दिसायला लागलं. तेवढ्यात फार्महाऊसांकडे जाणाऱ्या गेटवरचा चौकीदार, बाबांच्याच वयाचा माणूस, काठी टेकत आला.

"भाईसाहब, यह क्या कर रहे हो? शिकायत हो जाएगी."

"पूँछ ठीक कर रहा हूँ," बाबा मागे न बघता म्हणाले. मग मला म्हणाले, "खालची ओळ?"

मी पांढऱ्या रंगाचा ब्रश घेतला आणि पहिले तीन शब्द झाकले. चौकीदार वाकून उरलेले वाचू लागला.

"यहीं पाई जाती है." त्याने झुडपांकडे पाहिलं. "सच में? मैंने तो एक बार भी ना देखी."

"नाले की तरफ़ बैठा करो," बाबा म्हणाले. "सवेरे-सवेरे."